एकोणिसाव्या मजल्यावरची पेटी

मी रोज ज्या स्टेशनवर उतरते त्याचं नाव मर्चंडाइज मार्ट. शिकागोची ब्राउन लाइन वेल्स स्ट्रीटच्या पुलावरून खडखडत नदी ओलांडते आणि समोर ही बिल्डिंग येते, येते म्हणजे काय, आडवी पसरते नुसती. 1930 साली उघडली, जवळजवळ 40 लाख चौरस फूट, कित्येक वर्षं तिला एकटीला स्वतःचा पिनकोड होता. सहा वर्षं मी तिच्या पोटातून ये-जा करतेय, थंडीत तर मुद्दाम वळसा घालून आतून जाते कारण नदीवरचा वारा कान कापून नेतो, आणि एवढ्या वर्षांत मला पत्ताच नव्हता की ह्याच बिल्डिंगच्या 19व्या मजल्यावर एनबीसी ह्या अमेरिकन प्रसारण कंपनीचे स्टुडिओ होते, आधी रेडिओचे मग टीव्हीचे, आणि तिथे एक माणूस 15 वर्षं नोकरीवर येऊन गळ्यात अकॉर्डियन अडकवायचा आणि जॅझ वाजवायचा. पगारावर.

पत्ता लागला तो मामामुळे.

मामा गिरगावातला. दिवसा ऑफिसात कारकुनी आणि गणपती आले की ऑर्केस्ट्रात अकॉर्डियन. चाळीत त्याला कोणी अकॉर्डियनवाला म्हणायचं नाही, "गळ्यातली पेटी वाजवतो तो" असंच. मामा गेला, मामीने खोली आवरायला काढली आणि मला शाळेत असताना पेटीच्या दोन परीक्षा दिल्या होत्या एवढ्या भांडवलावर ते लाल होनर कंपनीचं अकॉर्डियन माझ्या गळ्यात पडलं, शब्दशः. विमानात केबिनमध्ये आणलं. सिक्युरिटीवाल्याने केस उघडायला लावली, त्याने उचलताना भात्याचा पट्टा सुटला आणि त्या पेटीने असा काही सूर लावला की मागची अख्खी लाइन हसायला लागली. घरी आणून नीट वाजवलं तर मधल्या सप्तकातले चार सूर मुके आणि एक असा की जो आत घेताना वाजतो, बाहेर सोडताना नाही.

आता ह्याचं कारण मला माहितीये, तेव्हा नव्हतं. अकॉर्डियनमध्ये रीड, म्हणजे हवेने थरथरणारे पोलादी पत्रे, लाकडी ठोकळ्यांवर मेणाने चिकटवलेले असतात. मुंबईच्या उकाड्यात मेण मऊ पडतं, मग वर्षानुवर्षं पडून राहिलं की सुकून तडकतं, रीडच्या पाठीमागच्या चामड्याच्या पट्ट्या वाळक्या पानासारख्या वळतात, आणि वर आपला पावसाळा, गंज. एका रात्री मी ते उघडून टेबलावर ठेवलं होतं आणि रिपेअरचे व्हिडिओ बघत बसले होते, तर त्या रिकमेंडेशनच्या रांगेत एक काळी-पांढरी क्लिप आली. आर्ट व्हॅन डॅम क्विंटेट.

पाच जण, सूट-टाय. अकॉर्डियन, व्हायब्राफोन (धातूच्या पट्ट्यांवर काठ्यांनी वाजवतात ते), गिटार, डबल बास, ड्रम्स. कोणी घामाघूम नाही, कोणी डोळे मिटून हरवलेलं नाही, पाचही जण जेवणानंतर शतपावलीला निघाल्यासारखे, आणि हात मात्र असे चाललेत की मी दोनदा मागे नेऊन बघितलं. अकॉर्डियन म्हटलं की आपल्या कानात तो थरथरणारा, पॅरिसच्या हॉटेलातला आवाज असतो, तो मुद्दाम केलेला असतो, एकाच सुराचे दोन-तीन रीड एकमेकांपासून केसभर हलवून लावतात म्हणून लाट येते. ह्या माणसाच्या आवाजात लाट नाही. एकेरी सरळ सूर, आपल्या पेटीचा असतो तसा. त्यामुळे तानेसारख्या झरझर जागा घेतल्या तरी एकेक स्वर सुटा ऐकू येतो. आणि खरी गंमत म्हणजे मुखडा तो एकटा वाजवतच नाही, अकॉर्डियन, व्हायब्राफोन आणि गिटार तिघं मिळून एकच ओळ वाजवतात. धातूच्या पट्टीवरचा टोला, तारेचा टणत्कार आणि वर हवेचा लांबणारा सूर, तीन वाद्यांचं मिळून एक चौथंच वाद्य तयार होतं जे दुकानात मिळत नाही. जॉर्ज शिअरिंगने 1949 मध्ये पियानो, व्हायब्राफोन आणि गिटार असं एकत्र बांधून जो आवाज केला आणि जगभर गाजवला, त्याच घराण्यातला हा. (शिअरिंगसाहेब स्वतःही अकॉर्डियन वाजवायचे, हे मला नंतर कळलं.)

मग काय, रिपेअर राहिलं बाजूला. रात्री दीडपर्यंत मी ह्या माणसाच्या मागे.

जन्म 1920, मिशिगन राज्यातल्या नॉर्वे नावाच्या गावात. नवव्या वर्षी हातात अकॉर्डियन. मोठा होताना बेनी गुडमनची क्लॅरिनेट ऐकली आणि ती जशीच्या तशी अकॉर्डियनवर बसवायला घेतली. ह्यातच सगळं आलं असं मला वाटतं, कारण क्लॅरिनेटवाल्याला श्वास घ्यावा लागतो, वाक्य कुठेतरी संपवावं लागतं. अकॉर्डियनवाल्याला ते बंधन नाही, तो भाता हलवत राहिला की वाजतच राहतो, आणि बहुतेक जण तेच करतात, म्हणून तर लोक वैतागतात. व्हॅन डॅम भात्याने श्वास घेतो. शेजारी डबल बास उभा असल्यावर डाव्या हाताच्या त्या 120 बटणांना तसंही फारसं काम उरत नाही, मग तो डावा हात मोकळा होतो फुंकर घालायला.

1945 मध्ये तो शिकागोच्या एनबीसीत स्टाफवर लागला आणि 1960 पर्यंत राहिला. स्टाफवर म्हणजे आपल्या आकाशवाणीत स्टाफ आर्टिस्ट असायचे ना, तसंच. सकाळी ह्या कार्यक्रमात, दुपारी त्या, कोणी गाणार असेल तर साथ, दोन कार्यक्रमांच्या मध्ये 40 सेकंद उरले तर ते भरा. त्याच्या स्वतःच्या नावाचा 15 मिनिटांचा रेडिओ कार्यक्रम होता, त्याचे 130 भाग झाले. ह्या प्रकारच्या संगीताला तिकडे लाइट म्हणतात आणि म्हणताना नाक जरा वर जातं. आपल्याकडे रेडिओने सुगम संगीत हा शब्द रुळवला, त्यात निदान एक आब आहे. मी ह्याला सुगम जॅझ म्हणते. एका रेकॉर्डचं नावच 'मार्टिनी टाइम' होतं, म्हणजे कंपनीचीही अपेक्षा काय होती बघा, लोकांनी हातात ग्लास घेऊन एकमेकांशी बोलावं आणि हे मागे चालू असावं. आणि तरी तो मागे राहून जे वाजवतो ते, अहो, बसून ऐका एकदा.

टीव्हीचं म्हणाल तर तेव्हा सगळंच नवं होतं. युद्धानंतर घरोघरी जे पहिले सेट आले त्यांचा पडदा 10 इंचाचा, आपल्या आताच्या टॅबलेटएवढा, आणि त्याच्यासमोर अख्खं घर. त्यात तीस जणांचा ब्रास बँड दाखवला तर मुंग्या दिसणार. पाच माणसं मावतात. शिवाय त्या वेळच्या कॅमेऱ्यांची एक खोड होती, फार चमकणारं काही समोर आलं की त्याच्याभोवती काळं वर्तुळ उमटायचं, त्यामुळे ट्रम्पेटवर लाइट पडला की झालं. हा छोटा, मऊ, बसल्या जागी वाजणारा जॅझ त्या खोक्याच्या मापाचाच होता.

आणि शिकागोत तर ह्याला एक स्वभावच आला होता. न्यूयॉर्ककडे पैसा आणि मोठे स्टार, हॉलिवूडकडे हॉलिवूड, शिकागोकडे काही नव्हतं, म्हणून त्यांनी घरगुती पद्धत काढली. डेव्ह गॅरोवे नावाचा चष्मेवाला, उंच, संथ बोलणारा माणूस, मूळचा रात्रीचा रेडिओवरचा जॅझवाला, सॅरा व्हॉन ह्या गायिकेच्या रेकॉर्डी लावून लावून तिचं नाव लोकांच्या तोंडी बसवणारा. 1949 मध्ये एनबीसीवर त्याचा कार्यक्रम सुरू झाला तो स्टुडिओत प्रेक्षक न बसवता. प्रेक्षकच नाहीत म्हटल्यावर टाळ्यांकडे बघायला नको, मग तो कॅमेऱ्याशीच बोलायचा, सेटच्या मागे जायचा, केबल ओलांडायचा, हे कसं केलंय ते दाखवायचा, आणि शेवटी हात वर करून "पीस" म्हणून निरोप घ्यायचा. व्हॅन डॅमची मंडळी गॅरोवेच्या रेडिओ-टीव्हीच्या कामात असायची. त्याच शहरात 'कुकला, फ्रॅन अँड ऑली' नावाचा बाहुल्यांचा कार्यक्रम चालायचा, त्यात एक बाई दोन बाहुल्यांशी गप्पा मारायची, लिहिलेलं काही नाही, सगळं आयत्या वेळी, आणि मोठी माणसं पोरांना बाजूला सारून बघायची. 1950 च्या उन्हाळ्यात तो सुट्टीवर गेला तेव्हा त्याच्या जागी जो कार्यक्रम लागला त्यात ही मंडळी वाजवायला होती. पूर्वी ह्या शैलीला टीव्हीतलं शिकागो घराणं म्हणायचे, म्हणजे ते स्कूल म्हणायचे, मी घराणं म्हणते. दोन-तीन वर्षांत एकेक जण न्यूयॉर्कला गेला, गॅरोवे 1952 मध्ये सकाळचा 'टुडे' सुरू करायला गेला, आणि घराणं संपलं.

ही सगळी स्टाफवाल्यांची व्यवस्था कुठून आली तर युनियनमधून, आणि ते प्रकरण भन्नाट आहे. शिकागोचा जेम्स पेट्रिलो, स्वतः आधी ट्रम्पेट वाजवणारा, तो म्युझिशियन युनियनचा देशभराचा अध्यक्ष झाला. रेकॉर्ड आणि रेडिओ हे वादकांच्या पोटावर पाय आणणार हे त्याने आधीच ओळखलं होतं. 1942 मध्ये त्याने रेकॉर्डिंगच बंद पाडलं. शिकागोच्या रेडिओ स्टेशनवर तर रेकॉर्ड ठेवायला आणि उलटवायलासुद्धा युनियनचाच माणूस लागायचा! आणि टीव्ही आला तेव्हा 1945 पासून त्याने सांगून टाकलं की आमचा एकही माणूस टीव्हीवर वाजवणार नाही. मार्च 1948 पर्यंत अमेरिकन टीव्हीवर युनियनचा वादक नव्हता. बंदी उठली आणि 20 मार्चला एकाच दिवशी एका चॅनेलवर फिलाडेल्फिया ऑर्केस्ट्रा आणि दुसऱ्यावर नामवंत कंडक्टर टोस्कानिनीचा ऑर्केस्ट्रा, म्हणजे तीन वर्षं उपाशी ठेवून एकदम दोन पंगती.

एक अवांतर, पण मला राहवत नाही. ह्या युनियनच्या लेखी माउथ ऑर्गन हे वाद्यच नव्हतं, खेळणं होतं. म्हणून बंदीच्या काळात माउथ ऑर्गनवाले बिनधास्त रेकॉर्ड करायचे. मग 1947 मध्ये हार्मोनिकॅट्स नावाच्या शिकागोतल्याच त्रिकुटाची रेकॉर्ड तुफान चालली, तेव्हा कुठे युनियनला साक्षात्कार झाला की हे वाद्य आहे, या, वर्गणी भरा. आणि इकडे आपल्याकडे 1940 मध्ये ऑल इंडिया रेडिओने पेटीवर बंदी घातली, का तर ती मींड घेऊ शकत नाही, श्रुती दाखवू शकत नाही, आणि ती तीसेक वर्षं टिकली. माउथ ऑर्गन, पेटी, अकॉर्डियन ही एकाच आईची लेकरं, सगळ्यांच्या पोटात तोच हवेवर थरथरणारा पत्रा. एका देशात एकाला वाद्य म्हणायला तयार नाहीत, दुसऱ्या देशात दुसऱ्याला गाण्यात बसू देत नाहीत, आणि त्याच दशकात तिसरा एनबीसीत पगार घेतोय.

इथपर्यंत मी खूश होते. ऑफिसात दोघा-तिघांना सांगूनही झालं, चला तुम्हाला 19वा मजला दाखवते वगैरे (एनबीसी 1989 मध्येच दुसऱ्या टॉवरमध्ये गेलं, आता तिथे बघण्यासारखं काही नाही). मग एक साधा प्रश्न पडला जो खरं तर पहिल्याच रात्री पडायला हवा होता. जॅझचं शहर शिकागो. साउथ साइडला गल्लोगल्ली वाजवणारे. आणि एनबीसीच्या स्टाफवर सगळे गोरेच कसे?

तर त्याचं असं की शिकागोत म्युझिशियनांच्या युनियन दोन होत्या. लोकल म्हणजे युनियनची स्थानिक शाखा. लोकल 10 गोऱ्यांची, पेट्रिलोची. लोकल 208 कृष्णवर्णीयांची, 1902 पासूनची. नाइटक्लब, डान्स हॉल दोघांना, पण रेडिओ-टीव्हीच्या पगारी नोकऱ्या जवळजवळ सगळ्या लोकल 10 च्या ताटात. दोन्ही युनियन एक झाल्या 1966 मध्ये, तोपर्यंत स्टुडिओतल्या त्या नोकऱ्याच संपत आल्या होत्या.

ज्या 1950 च्या उन्हाळ्यात व्हॅन डॅमची मंडळी बाहुल्यांच्या जागी वाजवत होती, त्याच उन्हाळ्यात न्यूयॉर्कला ड्युमाँट नावाच्या नेटवर्कवर हेझेल स्कॉटचा 15 मिनिटांचा कार्यक्रम सुरू झाला. त्रिनिदादची, लहानपणापासून पियानो, पाश्चात्त्य शास्त्रीय वाजवता वाजवता मध्येच स्विंगमध्ये, म्हणजे नाचत्या जॅझमध्ये, घुसायची. स्वतःच्या नावाचा नेटवर्क कार्यक्रम मिळालेली ती पहिली कृष्णवर्णीय बाई. साथीला बासवर चार्ल्स मिंगस आणि ड्रम्सवर मॅक्स रोच, आज ही नावं घेताना लोक कानाला हात लावतात. म्हणजे तीसुद्धा एक छोटी, सुटसुटीत मंडळी, घरात बसून ऐकावी अशी. पण कम्युनिस्ट असल्याचा संशय घेऊन जी नावांची पुस्तिका निघाली होती तिच्यात हिचं नाव आलं, ही गप्प बसली नाही, 22 सप्टेंबरला स्वतःहून कम्युनिस्टांची चौकशी करणाऱ्या संसदेच्या समितीपुढे जाऊन खडसावून आली. 29 सप्टेंबरला कार्यक्रम बंद. सात दिवस.

आणि नॅट किंग कोल, कृष्णवर्णीय गायक आणि पियानोवादक. पियानो, गिटार, बास, ड्रम्सशिवायचं त्याचं त्रिकूट 1937 पासूनचं, ज्याला आपण आज सुटसुटीत जॅझ ग्रुप म्हणतो तो साचाच मुळी ह्यांनी पाडला. 1956 च्या नोव्हेंबरमध्ये त्याला एनबीसीवर कार्यक्रम मिळाला. एला फिट्झगेराल्ड, बेलाफोंटे, पेगी ली असे लोक मैत्रीखातर किमान मानधनावर येऊन गेले. वर्षभरात एकही देशव्यापी जाहिरातदार मिळाला नाही. दक्षिणेतले गोरे गिऱ्हाईक रागावतील म्हणे. डिसेंबर 1957 मध्ये त्याने स्वतःच बंद केलं आणि म्हणाला की मॅडिसन अव्हेन्यू, म्हणजे न्यूयॉर्कचा जाहिरातवाल्यांचा रस्ता, अंधाराला घाबरतं.

मग मी ती क्विंटेटची क्लिप परत लावली. संगीत तेवढंच सुंदर होतं, त्याला काय झालंय. व्हॅन डॅमने कोणाचं काही हिसकावलं नाही, तो सकाळी उठून कामाला जात होता. पण ते जे निवांतपण मला एवढं आवडलं होतं, पाच माणसं शतपावलीला निघाल्यासारखी, ते निवांतपण कोणाला परवडत होतं हे एकदा कळल्यावर परत पहिल्यासारखं ऐकता येत नाही. तरी ऐकते. रोज ऐकते.

हेझेल स्कॉटचं ऐकायला जावं तर तिच्या त्या कार्यक्रमाचा एकही भाग शिल्लक नाही. तेव्हा व्हिडिओटेप नव्हती, ती आली 1956 मध्ये. तोपर्यंत कार्यक्रम जपायचा म्हणजे टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावायचा आणि चित्राचं चित्र काढायचं, त्याला किनेस्कोप म्हणायचे. म्हणून ती जुनी चित्रं अशी धुक्यातल्यासारखी दिसतात. ड्युमाँटच्या अशा फिल्मचे डबेच्या डबे पुढे न्यूयॉर्कच्या खाडीत बुडवले, असं एडी ॲडम्स ह्या अभिनेत्रीने 1996 मध्ये सांगितलं. बाकी सगळं वाजलं तेव्हाच संपलं.

मामाही एकदा टीव्हीवर आला होता. मुंबईत टीव्ही आला 1972 च्या गांधी जयंतीला, आणि हे त्यानंतर पाच-सहा वर्षांनी. चाळीत एकाच घरी सेट, दारात चपलांचा ढीग, आजी पुढे खुर्चीवर. आईने हे मला इतक्यांदा सांगितलंय की मी तिथे होते असंच वाटतं. ऑर्केस्ट्रा लागला, गायिका दिसली, निवेदक दिसला, गिटारवाला दिसला कारण तो दिसायला बरा होता, आणि मामा? चार सेकंद. तेही चेहरा नाही, गायिकेच्या खांद्यामागून त्याचा डावा कोपर आणि लाल होनरचा तुकडा, जो अर्थातच काळा दिसत होता. आजी ओरडली, "अगं तो बघ, तो हात!" आणि तोवर गेला. मामा मात्र दुसऱ्या दिवशी ऑफिसात पेढे घेऊन गेला होता.

गुडी सिरवाई, पुण्याचे इनॉक डॅनियल्स, केरसी लॉर्ड ही हिंदी सिनेमातली अकॉर्डियनची मोठी माणसं, मामा त्यांची नावं घेताना आवाज खाली करायचा. व्हॅन डॅमचं नाव त्याने ऐकलं होतं का, आता विचारणार कोणाला.

होनर मी शेवटी इथल्या एका म्हाताऱ्या पोलिश कारागिराकडे दिलं. त्याने रीडचा ठोकळा उचलून नाकाला लावला, वास घेतला आणि विचारलं, समुद्राजवळ होतं का. मेण आणि राळ वितळवून सगळे रीड नव्याने बसवायला त्याने सात आठवडे घेतले, बिल सांगत नाही, नवरा हे वाचतो.

आलं त्या रविवारी आईला व्हिडिओ कॉल लावला, आधी वाजवून दाखवलं, ती म्हणाली छान पण भाता फार ओढतेस. मग म्हटलं थांब, तुला एक दाखवते, आणि लॅपटॉपवर ती क्लिप लावून फोन समोर धरला. म्हणजे पडद्याचं चित्र काढून पुन्हा पडद्यावर, सत्तर वर्षांपूर्वी करायचे तेच. आईला आवाज तुटक ऐकू जात असणार, दिसत तर त्याहून कमी असणार. ती चष्मा वर करून पुढे वाकली. कॅमेरा व्हायब्राफोनवर गेला होता आणि कडेला नुसताच एक हात भाता आत-बाहेर करत होता.

"कोपर बघ," आई म्हणाली, "दादासारखाच उडवतो."